न दुखणारें दुखणें

मराठींत रोगाला आपण 'दुखणें' म्हणतों. हा शब्द मोठा बोलका आहे. परंतु त्यानें आपली एक फसवणूकही केलेली आहे. जें दुखत नाहीं तें दुखणें नव्हे, असा समज या एका शब्दानें आपल्या मनांत खोल रुजविला आहे. दाढ ठणकूं लागली कीं आपण दवाखाना गांठतों, पोटांत कळ आली कीं सारें घर जागें होतें, मुलाला ताप भरला कीं आजीच्या बटव्यापासून डॉक्टरांच्या पेटीपर्यंत सर्वांना चाळवलें जातें. परंतु रक्तांतील साखर वाढली तर कोठेंही कळ येत नाहीं कीं ताप भरत नाहीं. मनुष्य जेवतो, हिंडतो, हंसतो, आणि त्याच्या अंगांत हें मुकें दुखणें वर्षानुवर्षें आपलें काम करीत राहतें. त्याची ओळख आपल्या घरांतील वडील मंडळींस, आणि विशेषतः घराचा कारभार पाहणाऱ्या गृहिणींस असावी, एवढ्याचसाठीं हा लेखनप्रपंच आहे. मी वैद्य नाहीं. तीस वर्षें शाळेंत संस्कृत शिकवून निवृत्त झालेला एक मास्तर आहें. परंतु या विषयाचा धडा मला माझ्याच घरांत, आणि फार महाग किंमत देऊन, शिकावा लागला.

सन २०११ सालची रामनवमी. माझे थोरले बंधु, ज्यांना आम्ही सर्व दादा म्हणत असूं, त्या वेळीं ६१ वर्षांचे होते. गांवच्या राममंदिरांत भर दुपारीं जन्मोत्सव झाला आणि नेहमींच्या परिपाठाप्रमाणें दादा अनवाणी प्रदक्षिणा घालूं लागले. चैत्राचें ऊन, आणि प्राकारांतील दगडी फरशी तव्यासारखी तापलेली. आम्ही बाकीच्यांनीं चटके बसतांच सावली गांठली; दादांनीं मात्र शांतपणें अकरा प्रदक्षिणा पुऱ्या केल्या. "दादांची निष्ठा पाहा," असें मींच चार लोकांत मोठ्या अभिमानानें म्हटलें. संध्याकाळीं वहिनींना माजघराच्या फरशीवर ओले, तांबूस ठसे उमटलेले दिसले. दादांच्या दोन्ही तळव्यांना मोठाले फोड येऊन ते फुटलेही होते, आणि दादांना त्याची वार्ताही नव्हती. दुपारीं आम्ही जिला निष्ठा समजलों, ती खरोखर पायांची गेलेली संवेदना होती.

पुढचे तीन आठवडे आम्ही हळद आणि तेल लावण्यांत घालविले. "दुखत तर नाहीं; होईल बरें," असें दादा म्हणत, आणि आम्हांलाही तें पटत असे. उजव्या पायाचा अंगठा काळा पडला तेव्हां कोठें त्यांना तालुक्याच्या डॉक्टरांकडे नेलें. डॉक्टरांनीं बोटाला सुई टोंचून रक्ताचा एक थेंब लहानशा यंत्राच्या पट्टीवर घेतला आणि आंकडा माझ्यापुढें धरला : ३८४. मला त्याचा अर्थही कळला नाहीं. दहा दिवसांनीं पुण्यास शस्त्रक्रिया होऊन दादांच्या पायाचा अंगठा आणि त्याच्या शेजारचीं दोन बोटें काढावीं लागलीं.

इस्पितळाच्या ओसरीवर बसल्या बसल्या मी मागचीं दोन वर्षें आठवूं लागलों, आणि एकेक गोष्ट डोळ्यांसमोर उभी राहिली. दादांच्या उशाशीं पूर्वीं एक तांब्या असे, तेथें दोन आले होते. रात्रीं ते तीन-चार वेळां उठत. जेवण पूर्वींइतकेंच, किंबहुना अधिक, असूनही त्यांचें वजन उतरलें होतें, आणि "दादा, प्रकृति कशी सडसडीत झाली तुमची!" असें म्हणून आम्हीं त्यांचें कौतुक केलें होतें. एका वर्षांत दोनदां चष्मा बदलावा लागला होता. आणि सर्वांत जिव्हारीं लागणारी गोष्ट ही कीं, वहिनी मला एकदां म्हणाल्याही होत्या, "भावोजी, अलीकडे मोरींत मुंग्यांची रांग फार लागते." मीं त्यांना हळद टाकावयास सांगितलें.

वाचकहो, चरकसंहितेच्या निदानस्थानांत प्रमेहाचीं पूर्वरूपें सांगतांना, शरीराकडे व मूत्राकडे मुंग्या धांव घेतात, हें लक्षण स्पष्ट नोंदलेलें आहे. प्रमेहाचे वीस प्रकार कल्पून त्यांत मधुमेहाचें नांव चरकानें घेतलें. आणि सुश्रुतानें तर जन्मतः येणारा व अपथ्यानें जडणारा असे दोन भेद करून, पहिला बहुधा कृश माणसाला व दुसरा बहुधा स्थूल माणसाला होतो, हेंही सांगून ठेवलें. हें सारें मला ठाऊक होतें. आपल्या पूर्वजांचें निरीक्षण किती सूक्ष्म होतें, हें मी वर्गांत अभिमानानें सांगत असे. परंतु ग्रंथांतली मुंगी ओळखणाऱ्या या मास्तराला मोरींतली मुंगी ओळखतां आली नाहीं. ज्ञानाचा अभिमान बाळगणें आणि ज्ञान उपयोगांत आणणें या दोन गोष्टींत केवढें अंतर आहे, हें मला त्या ओसरीवर कळलें.

आतां हा रोग म्हणजे काय तें थोडक्यांत पाहूं. आपण भात, पोळी, बटाटा, फळ कांहींही खाल्लें तरी पचन होतां होतां त्यांतील पिष्टमय भागाची साखर बनते आणि ती रक्तांत मिसळते. ती तेथून शरीरांतील पेशींत शिरली तरच तिचें बळ होतें. तिला आंत घेण्याची आज्ञा देणारा रस म्हणजे इन्शुलिन. तो जठराच्या मागें असलेल्या स्वादुपिंडांत तयार होतो. हा रस तयारच होईनासा झाला, किंवा तो असूनही पेशी त्याची आज्ञा मानीनाशा झाल्या, म्हणजे साखर रक्तांतच खोळंबून राहते. गांवाच्या वेशीवर धान्याच्या गाड्यांची रांग लागावी आणि घरोघरच्या चुली मात्र थंड असाव्या, तशी ही अवस्था आहे. स्वादुपिंड काढून टाकलेल्या कुत्र्याला मधुमेह होतो, हें १८८९ सालीं जर्मन वैद्यांनीं सिद्ध केलें. आणि १९२१ सालीं कॅनडांतील टोरांटो येथें बँटिंग व बेस्ट यांनीं तो रस वेगळा काढला. पुढल्याच वर्षीं, म्हणजे १९२२ च्या जानेवारींत, मरणाच्या दारीं असलेल्या एका चौदा वर्षांच्या मुलाला तो टोंचण्यांत आला व तो मुलगा जगला. त्यापूर्वीं अशा मुलांपुढें उपासमारीच्या पथ्याखेरीज दुसरा मार्ग नव्हता.

दादांचीं सारीं लक्षणें या एका घटनेंतून क्रमानें निघतात. मूत्रपिंडें रक्त गाळतांना त्यांतील साखर जपून परत घेतात. परंतु रक्तांतील प्रमाण सुमारें १८० च्या वर गेलें, म्हणजे त्यांना तें ओझें पेलत नाहीं आणि साखर मूत्रांत उतरूं लागते. साखर जातांना आपल्याबरोबर पाणी ओढून नेते, म्हणून वारंवार लघवी. पाणी गेलें म्हणून न शमणारी तहान. पेशी उपाशी राहिल्या म्हणून भूक आणि थकवा. आणि शरीर स्वतःचीच चरबी व मांस जाळूं लागतें म्हणून वजनांत घट. डोळ्यांतील भिंगाला सूज येऊन दृष्टि अंधुक होते. जखमा लवकर भरत नाहींत, गळवें वारंवार होतात, गुह्य भागीं खाज सुटते, हिरड्या सुजतात. लघवीचे थेंब वाळले कीं कपड्यावर पांढुरके डाग राहतात व तेथें मुंग्या येतात. हीं लक्षणें दिसलीं तर दुसऱ्या दिवसाचीही वाट पाहूं नये.

परंतु या लेखाचें खरें सांगणें याच्या पुढचें आहे. लक्षणें बहुधा १८० ची मर्यादा वारंवार ओलांडल्यावर दिसूं लागतात. रोग मात्र त्याच्या पुष्कळ अलीकडे सुरू झालेला असतो. रात्रभर, निदान आठ तास, पाण्याखेरीज कांहीं न घेतां सकाळीं रक्त तपासलें, तर शंभर मिलिलिटर रक्तांत १०० मिलिग्रॅमहून कमी साखर असणें हें चांगल्या प्रकृतीचें लक्षण. १०० ते १२५ ही मधुमेहाची उंबरठ्यावरची अवस्था. १२६ किंवा अधिक म्हणजे मधुमेह. पंचाहत्तर ग्रॅम ग्लुकोज पाण्यांतून पिऊन दोन तासांनीं पाहिल्यास १४० च्या आंत ठीक, २०० व त्यावर मधुमेह. तिसरी तपासणी एचबीएवनसी या नांवाची आहे. रक्तांतील तांबड्या द्रव्याला साखर कितपत चिकटली आहे हें तींत पाहतात, आणि त्यावरून मागच्या दोन-तीन महिन्यांची सरासरी कळते. तिचा आंकडा ५.७ टक्क्यांच्या आंत असावा, ६.५ व त्यावर गेल्यास मधुमेह समजतात. आदल्या दिवशीं पथ्य पाळून या तपासणीला फसवितां येत नाहीं, हा तिचा विशेष गुण. लक्षणें नसतांना एकाच आंकड्यावर निकाल देत नाहींत. तपासणी पुन्हां करून खात्री करतात. घरच्या यंत्राचा आंकडा नजर ठेवण्यासाठीं उत्तम, परंतु निदान प्रयोगशाळेंतील तपासणीवरूनच व्हावें.

हें मुकेपण किती खोल असतें याचा पुरावा मी स्वतःच आहें. दादांना भरती केलें त्याच आठवड्यांत डॉक्टर मला म्हणाले, "मास्तर, उद्यां उपाशीपोटीं तुमचेंही रक्त द्या." मी तेव्हां ५३ वर्षांचा होतों. तहान नाहीं, थकवा नाहीं, रात्रीं उठणें नाहीं. माझा आंकडा निघाला १६४. पुन्हां तपासला, १५९. मग घरांतील तीस वर्षांवरच्या नऊही माणसांची तपासणी केली. माझ्यासह तिघांना मधुमेह निघाला आणि दोघेजण उंबरठ्यावर सांपडले. पांचांपैकीं एकालाही कोठें कांहीं दुखत नव्हतें.

ही कांहीं आमच्या एका घराची कथा नव्हे. भारतीय वैद्यकीय संशोधन परिषदेच्या पाहणीचा अहवाल २०२३ सालीं प्रसिद्ध झाला, त्यांत देशांतील मधुमेही माणसांची संख्या सुमारें १० कोटी १० लक्ष, आणि उंबरठ्यावरच्यांची सुमारें १३ कोटी ६० लक्ष धरली आहे. "आमच्यांत कोणी लठ्ठ नाहीं" असें म्हणून आपल्यासारख्या कुटुंबांनीं निश्चिंत राहण्यांतही अर्थ नाहीं. पुण्याच्या के. ई. एम. रुग्णालयांतील डॉ. चित्तरंजन याज्ञिक यांनीं या बाबतींत मोठें काम केलें आहे. २००४ सालीं 'लॅन्सेट' या वैद्यकीय नियतकालिकांत त्यांचें व त्यांचे इंग्लंडमधील सहकारी डॉ. युडकिन यांचें छायाचित्र शेजारीं शेजारीं छापलें होतें. उंचीच्या मानानें दोघांचें वजन अगदीं सारखें. परंतु युडकिन यांच्या शरीरांत चरबी ९.१ टक्के, तर याज्ञिकांच्या शरीरांत २१.२ टक्के! वरून सडपातळ दिसणाऱ्या भारतीय माणसाच्या पोटांत चरबी दडलेली असते, आणि हीच चरबी इन्शुलिनची आज्ञा पेशींना मानूं देत नाहीं. तेव्हां हातपाय बारीक आणि पोट सुटलेलें, ही ठेवण दिसली कीं तिला सुखवस्तुपणाचें लक्षण न मानतां सूचना मानावी.

साखर वाढलेलीच राहिली तर पुढें काय होतें? शरीरांतील बारीक रक्तवाहिन्यांच्या भिंती हळूहळू बिघडतात. डोळ्यांच्या दृष्टिपटलांतील वाहिन्या पाझरूं लागतात. नजर मात्र पुष्कळ दिवस चांगली राहते, आणि ती अधू झाल्याचें कळतें तेव्हां बरेंच नुकसान झालेलें असतें. मूत्रपिंडांची चाळण खराब होऊन मूत्रांतून प्रथिनें जाऊं लागतात. तेथेंही वेदना नाहीं. मज्जातंतूंवर परिणाम होऊन पायांना आधीं मुंग्या येतात, जळजळ होते, आणि नंतर बधिरपणा येतो. जळजळ थांबली म्हणजे सुधारणा झाली असें मनुष्य समजतो; प्रत्यक्षांत वेदना सांगणारा दूतच मेलेला असतो. मोठ्या रोहिणी कठीण व अरुंद होऊन हृदयविकार व पक्षाघात यांचा धोका वाढतो, आणि अशा माणसाला हृदयविकाराचा झटकाही कित्येकदां छातींत न दुखतां येतो. नुसता घाम, धाप किंवा विलक्षण थकवा, इतकेंच. याशिवाय क्षयासारख्या रोगांना शरीर लवकर बळी पडतें.

हें वाचून घाबरून जाऊं नये. साखर ताब्यांत ठेवल्यास डोळे, मूत्रपिंडें आणि मज्जातंतु यांची हानि पुष्कळ टळते, हें १९९३ सालीं अमेरिकेंतील आणि १९९८ सालीं इंग्लंडमधील दीर्घ प्रयोगांनीं निर्विवाद सिद्ध झालें आहे. उंबरठ्यावरच्या माणसांना तर परत फिरण्याची वाट मोकळी आहे. वजन सुमारें सात टक्के उतरविलें आणि आठवड्याला दीडशें मिनिटें झपझप चाललें, तर पुढील तीन वर्षांत मधुमेह होण्याचें प्रमाण ५८ टक्क्यांनीं घटतें, असें २००२ सालच्या अमेरिकन प्रयोगांत दिसून आलें.

आतां घरांतल्या चालीरीतींविषयीं दोन शब्द. आपल्या एकत्र कुटुंबांत प्रेम पानांत वाढलें जातें. "एकानें काय होतें?" असें म्हणत पुरणपोळी वाढणारी काकू, "प्रसादाला नाहीं म्हणूं नये" असें बजावणारे आजोबा, आणि दिवसांतून चार वेळां चमचा चमचा साखरेचा चहा पुढें करणारी सून, या सर्वांचा हेतु निर्मळ असतो, परंतु मधुमेही माणसाला नकार देण्याचें संकट रोज पंक्तींत सोसावें लागतें. आग्रह हा आपल्या आतिथ्याचा अलंकार असला तरी येथें तो अपराध ठरतो. प्रसाद कणभर घेतल्यानेंही भक्ति पूर्ण होते. त्याच्यासाठीं वेगळें, बेचव ताट मांडण्याची मात्र गरज नाहीं. भात कमी, भाजी, उसळ व कोशिंबीर अधिक, आणि गोड क्वचित्, हें ताट सर्वांच्याच हिताचें आहे.

उपवासाच्या बाबतींत दुहेरी सावधगिरी हवी. साबुदाण्याची खिचडी, बटाटा, रताळें व केळीं यांनीं साखर झपाट्यानें चढते. उलट औषधाची गोळी किंवा इन्शुलिन घेऊन मनुष्य निराहार राहिला, तर साखर धोकादायक रीत्या उतरूं शकते. दरदरून घाम, हातापायांना कंप, छातींत धडधड, भ्रमिष्टासारखें बोलणें, हीं त्याचीं चिन्हें. अशा वेळीं मनुष्य शुद्धींत असल्यास तीन-चार चमचे साखर पाण्यांत विरघळवून तत्काळ पाजावी. बेशुद्ध असल्यास तोंडांत कांहीं न घालतां इस्पितळ गांठावें. डॉक्टरांना विचारल्यावांचून औषध घेणाऱ्यानें एकादशी धरूं नये.

लहान मुलांविषयींही सांगितलें पाहिजे. मूल एकाएकीं फार पाणी पिऊं लागलें, अंथरूण ओलें करूं लागलें, कांहीं आठवड्यांतच वाळत चाललें, ओकूं लागलें, तर दृष्ट लागली म्हणून मीठमोहऱ्या ओंवाळीत बसूं नये. त्याच दिवशीं रक्त तपासावें. अशा मुलांना इन्शुलिनच तारतें, आणि विलंब प्राणघातक ठरतो. गर्भवतीची तपासणी पहिल्या भेटींतच, आणि पुन्हां चोवीस ते अठ्ठावीस आठवड्यांच्या दरम्यान, करून घ्यावी.

आणि कारलें, मेथी, जांभळाची बी? हीं घरगुती द्रव्यें आहारांत असावींत. परंतु त्यांच्या भरंवशावर औषध सोडूं नये. हें मी, ज्याच्या घरीं चरक-सुश्रुत मस्तकीं धरले जातात, तोच सांगत आहें. ज्यांनीं मुंग्यांकडे डोळे उघडे ठेवून पाहिलें, त्यांनीं आजचें यंत्र नाकारलें असतें, असें मला वाटत नाहीं.

दादा त्यानंतर आठ वर्षें जगले. रोज रात्रीं वहिनी त्यांचे तळवे दिव्यापुढें धरून भेगा, फोड, काळा डाग शोधीत. टांचेखालचा भाग दिसावा म्हणून एक लहान आरसा देव्हाऱ्याशेजारीं ठेवलेला असे. वर्षांतून एकदां बुबुळें विस्फारून डोळ्यांची व मूत्रांतील प्रथिनांची तपासणी होई. दुसरें बोट त्यांना गमवावें लागलें नाहीं. २०१९ सालीं हृदयविकारानें ते गेले. जाण्यापूर्वीं कांहीं महिने ते मला म्हणाले होते, "अरे, माझे पाय मुके झाले होते, पण तुम्हां सर्वांना डोळे होते ना?" त्यांच्या स्वरांत राग नव्हता. म्हणूनच तो प्रश्न माझ्या मनांतून जात नाहीं.

आमच्या घरीं आतां एक नवी रीत पडली आहे. पाडव्याच्या आदल्या दिवशीं सकाळीं तीस वर्षांवरचें प्रत्येक माणूस उपाशीपोटीं रक्त देतें, आणि मगच चहाचें आधण चुलीवर चढतें. आंकडे एका वहींत लिहिण्याचें काम वहिनींनीं स्वतःकडे घेतलें आहे. दुसऱ्या दिवशीं कडुलिंबाचें पान चावतांना आमच्यापैकीं प्रत्येकाला आपला आंकडा पाठ असतो. यंदा माझ्या पुतण्याचा, दादांच्या धाकट्या मुलाचा, आंकडा ११२ निघाला. वय ३४, दुखत कांहींच नाहीं. वहिनींनीं वहींत त्याच्या नांवापुढें तांबड्या शाईनें एक लहानशी मुंगी काढली. दुसऱ्या दिवशींपासून तो पहाटे चालावयास जाऊं लागला आहे.